पित्त पित्त म्हणतात ते नक्की कुठलं

आमच्या घरात पित्त हा शब्द दिवसातून चार वेळा तरी ऐकू येतो. सकाळी कोणी डोकं धरून बसलं की पित्त झालंय, जेवणानंतर आंबट ढेकर आले की पित्त वाढलंय, अंगावर गांधी आल्या की पित्त उठलंय, आणि सासरे रात्री नऊच्या बातम्या बघायला बसले की त्यांचं खवळतं तेही पित्तच. त्यामुळे गेल्या होळीच्या रात्री दीड वाजता मी पोट धरून उठले तेव्हा घरात कोणाला काही विचार करावा लागलाच नाही. निदान तयारच होतं. सासूबाईंनी झोपेतच आतून सांगितलं, पित्त असेल गं, आमसुलाचं सरबत घे आणि डाव्या कुशीवर झोप.

आता त्या दिवशी मी काय खाल्लं होतं ते सांगते म्हणजे पुढचं कळेल. तीन पुरणपोळ्या, प्रत्येकीवर तूप, वर कटाची आमटी आणि दोन भजी. दुपारी नाही, रात्री नऊला. आणि दुखत होतं ते बेंबीपाशी नाही, छातीतही नाही, उजवीकडे बरगड्या संपतात तिथे खाली, आणि तिथून मागे खांद्याच्या हाडाखाली कोणी स्क्रू पिळतंय असं. बसवत नाही, झोपवत नाही, चालत सुटावं तर चालवतही नाही. नवरा गाडीची किल्ली घेऊन उभा आणि मी म्हणतेय थांब जरा, कमी होईल. चार वाजता खरंच कमी झालं, एकदम, नळ बंद करावा तसं. सकाळी मी ऑफिसला गेले पण.

दुसऱ्या दिवशी नेहमीच्या डॉक्टरांकडे. त्यांनीही पोटाला हात न लावता अ‍ॅसिडिटीच म्हटलं आणि सकाळी अनशापोटी घ्यायच्या कॅप्सूल दिल्या. त्यानंतर सात महिने मी त्या कॅप्सूल खाल्ल्या, म्हणजे अधूनमधून. आणि त्या सात महिन्यांत तसंच दुखणं आणखी तीनदा आलं. एकदा मावसभावाच्या लग्नात बासुंदी खाल्ली त्या रात्री, एकदा कोल्हापूरला माहेरी मटणाच्या जेवणानंतर, आणि शेवटचं नवरात्रात, दिवसभर उपास करून संध्याकाळी साबुदाण्याचे पाच वडे खाल्ले त्या रात्री. आता वाचताना तुम्हाला सरळ दिसतंय ना काय चाललंय ते, दरवेळी तूप-तेल, दरवेळी जेवणानंतर काही तासांनी, दरवेळी उजवीकडे? मला नाही दिसलं. कारण डोक्यात एकच शब्द बसलेला, पित्त.

गंमत म्हणजे ते पित्तच होतं! पण आम्ही म्हणत होतो ते नाही, दुसरं.

सोनोग्राफीला सकाळी उपाशीपोटी या, पाणी चालेल पण चहा नको, असं सांगितलं होतं. मला वाटलं पोट रिकामं असलं की स्पष्ट दिसत असेल, गॅस कमी वगैरे. तेही आहे, पण खरं कारण नंतर कळलं आणि मला ते फार आवडलं. पित्ताशयाची पिशवी उपाशी असतानाच भरलेली असते. तुम्ही दूध घातलेला चहा घेतलात, बिस्किट खाल्लंत, की ती पिळली जाते आणि आकसते, मग बघणार काय? म्हणजे आपलं पोट रिकामं असतं तेव्हा ही बाई भरून बसलेली आणि आपण जेवलो की ही रिकामी. बरोबर उलटं.

पोटावर तो गार जेल लावला, श्वास घ्या, धरून ठेवा, सोडा, आता डाव्या कुशीवर वळा. स्क्रीन माझ्या बाजूला थोडा वळलेला होता. पेरूच्या आकाराची एक काळी जागा, आणि तिच्या तळाशी पांढरे ठिपके, आणि प्रत्येक ठिपक्याच्या मागे सावलीसारखी काळी रेघ. मी कुशीवर वळले तसे ते ठिपके घरंगळत दुसरीकडे गेले. मी ते डोळ्यांनी बघितलं. आपल्या पोटात काहीतरी गोट्यांसारखं घरंगळतंय हे बघून जे वाटतं ते मला लिहून सांगता येणार नाही. रिपोर्टमध्ये लिहिलं होतं मल्टिपल कॅल्क्युलाय, म्हणजे पित्ताशयात बरेच खडे, सगळ्यात मोठा ११ मिलिमीटर. हरभऱ्याएवढा म्हणा.

संध्याकाळपर्यंत बातमी दोन्हीकडच्या घरात पोचली आणि फोन सुरू झाले. कुळथाचं कढण पी. पानफुटीची पानं चावून खा. नवऱ्याच्या एका मित्राने तर बिअर सुचवली, उत्साहाने. ह्या सगळ्यांना मुतखडा आणि पित्ताचा खडा एकच वाटतो कारण दोन्ही खडे. सर्जननी (पुण्यातले, नाव लिहीत नाही, शांत माणूस) पहिल्याच भेटीत हा विषय संपवला. म्हणाले मॅडम, मूत्रपिंडातून लघवीपर्यंत एक वाहती नळी आहे, तिथला बारीक खडा पाण्याबरोबर निघून जाऊ शकतो, पण तुमचा खडा त्या रस्त्यावरच नाहीये, तुम्ही कितीही लिटर पाणी प्यालात तरी ते पित्ताशयातून जात नाही. व्हॉट्सअ‍ॅपवर ऑलिव्ह ऑईल आणि लिंबाचा रस प्यायचा एक उपाय फिरतो, तोही मी विचारला कारण काकूंनी तीनदा पाठवला होता. त्याने म्हणे सकाळी शौचातून हिरवे मऊ खडे पडतात. ते पडतात खरे, पण ते खडे नसून त्याच तेलाचा आतड्यात झालेला साबण असतो! काकूंना अजून हे सांगितलेलं नाही.

मग त्यांनी प्रिस्क्रिप्शनचं पॅड उलटं केलं आणि मागे चित्र काढलं, आणि त्या चित्रामुळेच मी ही पोस्ट लिहितेय. एक उभी लांब नळी काढली, तोंड, अन्ननलिका, जठर, आतडं, शेवट. म्हणाले अन्न ह्या नळीतून जातं, बरोबर? मग नळीच्या बाहेर चारपाच आकार काढले आणि म्हणाले, आणि ह्यांच्यातून अन्नाचा एक कणसुद्धा जात नाही, पण ही मंडळी नसली तर नळीला नुसतं अन्न पुढे ढकलण्यापलीकडे फारसं काही जमणार नाही. लेकीच्या विज्ञानाच्या पुस्तकात हेच चित्र आहे आणि मीसुद्धा शाळेत पेन्सिलने बाण काढून यकृत, स्वादुपिंड लिहिलंय, दोन मार्कांसाठी. पण हे वाक्य कोणी सांगितलं नव्हतं की अन्न त्यांच्यातून जातच नाही.

सुरुवात तोंडापासूनच. लाळ. कानाखाली, जबड्याच्या आत आणि जिभेखाली अशा मोठ्या ग्रंथींच्या तीन जोड्या, आणि दिवसाला लिटर-दीड लिटर लाळ, म्हणजे पाण्याची मोठी बाटली भरून आपण रोज गिळतो. आता एक करून बघा, वरच्या दुसऱ्या मोठ्या दाढेसमोर गालाला आतून जीभ लावा, एक बारीक उंचवटा लागेल. कानाखालच्या ग्रंथीची नळी तिथे उघडते. आणि कैरीला तिखट-मीठ लावलेलं नुसतं आठवलं तरी कानाखाली जी गोड कळ येते ना, ती तीच ग्रंथी. गालगुंड होतात तीही तिथेच.

लाळेत अमायलेज नावाचं एन्झाइम असतं, ते पिठूळ पदार्थ तोडून साखर करायला घेतं. हे मला माहीत होतं पण करून कधी बघितलं नव्हतं, तर ऑपरेशनच्या आधीच्या त्या पथ्याच्या दिवसांत, जेव्हा कोरडी ज्वारीची भाकरी हाच काय तो आनंद होता, तेव्हा केलं. भाजी-चटणी काही न लावता एक घास घेऊन चावत राहिले, लेक मोजत होती. विसाव्या-पंचविसाव्या चावण्याला खरंच गोड लागायला लागलं. बत्तीस वेळा चावून खा म्हणणाऱ्या आजीला हे माहीत होतं की नव्हतं देव जाणे. जठरातल्या आम्लात ते अमायलेज थोड्या वेळाने बंद पडतं, पण पुढे स्वादुपिंडाकडून तसंच दुसरं मिळतं, त्यामुळे भराभर गिळणाऱ्यांचंही चालून जातं. म्हणून तर माझा नवरा अजून जिवंत आहे.

यकृत मात्र मला नीट कळलं ते सासऱ्यांच्या गोळीमुळे. त्यांना अँजायनाचा त्रास आहे, खिशात सॉर्बिट्रेटची गोळी असते, छातीत दुखलं तर जिभेखाली ठेवायची, गिळायची नाही. का गिळायची नाही हे मी कधी विचारलंच नव्हतं. तर आतड्यातून जे काही रक्तात शोषलं जातं ते थेट हृदयाकडे जात नाही, आधी एका मोठ्या शिरेने यकृतात जातं. सगळं. भाताची साखर, डाळीचं प्रोटीन, दारू, औषध. यकृत ह्यातलं काय ठेवायचं, काय तोडायचं, काय पुढे सोडायचं ते ठरवतं, आणि ती गोळी गिळली तर तिचा बराचसा भाग तिथेच तोडून टाकतं. जिभेखालच्या शिरा यकृताच्या रस्त्यावर नाहीत, म्हणून तिथे ठेवायची. यकृताला मिळणाऱ्या रक्तातलं पाऊण रक्त तर ह्या आतड्यांकडच्या शिरेतूनच येतं. एकटे तूप-तेलच हा नाका चुकवतात, ते शोषल्यावर बहुतेक लसिकेच्या, म्हणजे रक्ताहून वेगळ्या नळ्यांतून वाहणाऱ्या द्रवाच्या, वाटेने जातात आणि गळ्यापाशी रक्तात मिसळतात. तूप इथेही लाडकं.

सव्वा-दीड किलोचा हा अवयव, उजव्या बरगड्यांच्या आत लपलेला, जास्तीची साखर साठवून ठेवतो, दोन जेवणांच्या मधे ती थोडी थोडी सोडतो, प्रोटीन तोडल्यावर उरणाऱ्या अमोनियाचा युरिया करतो. पण पचनात त्याचं स्वतःचं म्हणून एकच काम आहे, पित्त बनवायचं. अर्धा ते एक लिटर, रोज, न थांबता, आपण जेवलेलो असो की निर्जळी एकादशी करत असो.

आता इथे आलो आपण त्या शब्दापाशी.

आपण ज्याला पित्त म्हणतो, ते आंबट, छातीत जळजळणारं, ते जठरातलं आम्ल. यकृतातलं पित्त आंबट नसतंच. ते कडू असतं, हिरवट पिवळं, आणि आम्लाच्या उलट गुणाचं. उलट्या होऊन होऊन पोट रिकामं झाल्यावर शेवटी जे कडूजहर हिरवं पडतं ना, ते खरं पित्त. माझी आई म्हणायची कडू पित्त पडलं की माणूस सुटतो. म्हणजे भाषेला दोन्ही माहीत होती, नाव मात्र एकच ठेवलं. आयुर्वेदातलं पित्त आणखी तिसरं, ते एका द्रवापुरतं नाहीच, त्याच्यात मी पडत नाही. आणि अंगावरच्या गांधींचं पित्त चौथं, त्याचा तर पोटातल्या ह्या पिशवीशी काडीचा संबंध नाही, कातडीतल्या पेशी हिस्टामाइन सोडतात त्याची ती खाज.

खरं पित्त बघायचं असेल तर चिकनच्या दुकानात जा. माहेरी आमच्या गल्लीच्या कोपऱ्यावर एक मामा आहेत, लहानपणापासून मी रविवारी पिशवी घेऊन तिथे उभी राहिलेली आहे. सोनोग्राफीनंतर दिवाळीला गेले तेव्हा पहिल्यांदा नीट बघितलं. कोंबडी उघडली, तपकिरी-लाल कलेजी बाहेर काढली, तिच्या पोटाशी चिकटलेली करंगळीच्या पेराएवढी गर्द हिरवी पिशवी. मामांनी सुरी बाजूला ठेवली, दोन बोटांनी कलेजीचा एक छोटा तुकडा पकडून त्याच्यासकट पिशवी अलगद तोडली आणि बादलीत टाकली. मी म्हटलं मामा, तेवढी कलेजी पण गेली की. म्हणाले जाऊ दे की ताई, ही पिशवी फुटली तर सगळीच कलेजी कडू, गिऱ्हाईक परत दारात उभं राहत नाही. मासे साफ करणाऱ्या बायकाही असंच करतात, पित्त फोडू नको म्हणून सुनेला ओरडताना मी मालवणात ऐकलंय. ह्या लोकांनी माझी सोनोग्राफी न करता सांगितलं असतं की पित्त कुठे असतं.

बरं, हे कडू पाणी करतं काय? तर त्यात पचवणारं एन्झाइम एकही नसतं. ते भांडी घासायच्या लिक्विडचं काम करतं, आणि हे मी उपमा म्हणून नाही म्हणत, जवळजवळ तेच आहे. फोडणीच्या कढईत पाणी ओता, तेल वर तरंगतं, कितीही ढवळा परत एकत्र येतं. लिक्विडचा एक थेंब टाकला की त्याच तेलाचे इतके बारीक थेंब होतात की पाणी दुधाळ होतं. पुरणपोळीवरचं तूप आतड्यात गेलं की पित्त त्याचं असं दुधाळ करतं, आणि मग स्वादुपिंडातलं लायपेज नावाचं एन्झाइम त्या बारीक थेंबांना सगळीकडून भिडतं. मोठ्या गोळ्याला बाहेरून कुरतडत बसलं असतं तर पुढची होळी आली असती. तूपच नीट पचलं नाही तर त्याच्याबरोबर जाणारी अ, ड, ई आणि के ही जीवनसत्त्वंही तशीच बाहेर.

आणि हा साबण वाया पण जात नाही. काम झालं की लहान आतड्याच्या शेवटच्या भागात त्यातले जवळजवळ ९५ टक्के क्षार परत शोषले जातात, यकृतात परत येतात आणि पुन्हा पित्तात. तोच माल दिवसातून सहा-आठ फेऱ्या मारतो. माझ्या आजीचं कपडे धुतलेलं पाणी न्हाणीत, न्हाणीतलं अळूला, तसा कारभार. जे थोडं निसटतं ते आणि पित्तातला रंग (जुन्या तांबड्या पेशी मोडल्या की निघणारा) बाहेर जातो, शौचाला जो तपकिरी रंग असतो तो त्यातूनच येतो. म्हणून पित्ताची वाट बंद झाली की शौच पांढरट मातीसारखी, लघवी गडद आणि डोळे पिवळे. सर्जननी मला पहिला प्रश्न तोच विचारला होता, रंग कसा आहे. मी लाजले. लाजायचं नसतं हो, सांगा सरळ.

यकृत पित्त सतत बनवतं पण तूप सतत येत नाही, म्हणून मधे ती पिशवी. सात ते दहा सेंटिमीटर लांब, मावतं जेमतेम तीन-चार मोठे चमचे, म्हणून ती पाणी शोषून घेऊन पित्त आटवते, बासुंदी आटवावी तसं. (मला बासुंदीच का आठवते बघा.) जेवणातलं तूप जठरातून पुढे आतड्याच्या पहिल्या वळणात आलं की तिथल्या पेशी रक्तात एक निरोप सोडतात, कोलेसिस्टोकायनिन त्याचं नाव, तो पिशवीपर्यंत पोचला की पिशवी पिळली जाते. माझ्या पिशवीत खडे, ती पिळली की एखादा खडा तिच्या तोंडात जाऊन बसणार, पिशवी अजून जोर लावणार, आणि मी रात्री दीड वाजता हॉलमध्ये येरझाऱ्या घालणार. खडा मागे घरंगळला की नळ बंद. सात महिन्यांचं कोडं पॅडच्या मागच्या बाजूला दोन मिनिटांत सुटलं आणि मला त्या कॅप्सूलच्या पैशांचा राग आला.

खडे का झाले? पित्तात कोलेस्टेरॉल विरघळलेलं असतं, ते जास्त झालं किंवा पित्त पिशवीत पडून राहिलं की त्याचे कण बसतात. बायकांना जास्त होतात, बाळंतपणांनंतर जास्त, आणि भराभर वजन उतरवलं तरी होतात. हे शेवटचं ऐकून मी गप्प बसले कारण त्याच्या आदल्या वर्षी मी चार महिन्यांत १४ किलो उतरवलं होतं आणि सगळ्यांना फोटो पाठवले होते. चरबी भराभर वितळली की यकृत पित्तात कोलेस्टेरॉल जास्त सोडतं, आणि तूप बंद असल्यामुळे पिशवीला पिळायचा निरोपच जात नाही. आटलेलं पित्त तिथेच. डाएटला शिव्या देत नाहीये, घाई माझी होती.

मी विचारलं ऑपरेशन नाही केलं तर? तेव्हा त्यांनी स्वादुपिंडावर पेन टेकवलं. नाव केवढं गोड, पण अवयव फार कडक स्वभावाचा. जठराच्या मागे आडवं पसरलेलं, वीतभरापेक्षा थोडं लहान, आणि आपल्याकडे त्याची ओळख फक्त शुगरमुळे, इन्सुलिन तिथून येतं म्हणून. पण त्याचा बहुतेक भाग इन्सुलिनचा नाहीच, तो पाचकरस बनवतो, रोज लिटर-दीड लिटर. जठरातून आलेलं आम्ल शमवायला त्यात सोडा असतो, म्हणजे आपला खायच्या सोड्यातला तोच बायकार्बोनेट, आणि प्रोटीन, स्निग्ध, पिठूळ तिन्ही तोडणारी एन्झाइम्स. लाळ तर फक्त पिठाला हात लावते, हा सगळ्यांना पुरून उरतो.

आता प्रोटीन तोडणारा रस मांसाच्याच अवयवात बनणार तर तो त्यालाच खाणार नाही का? म्हणून तो निजलेल्या रूपात बनतो. ट्रिप्सिनोजेन म्हणून बाहेर पडतो आणि आतड्यात पोचल्यावर तिथलं एक एन्झाइम त्याला जागं करतं, मग तो ट्रिप्सिन. पिस्तुलात गोळी भरायची ती घराबाहेर पडल्यावर, असं. आणि स्वादुपिंडाची नळी आणि पित्ताची नळी दोन्ही शेवटी एकत्र येऊन आतड्यात एकाच तोंडाने उघडतात. तिथे एक गोल स्नायू आहे झडपेसारखा, १८८७ साली रुग्गेरो ओडी ह्या इटालियन पोराने त्याचं वर्णन केलं, तेव्हा तो अजून मेडिकलला शिकत होता, स्नायूला अजून त्याचंच नाव आहे. तर पित्ताशयातला एखादा बारीक खडा निसटून त्या तोंडाशी अडकला, तर स्वादुपिंडाचा रस तुंबतो, आत जागा होतो, आणि मग ते स्वतःलाच पचवायला लागतं. स्वादुपिंडाचा हा दाह दारूने होतो हे ऐकलं होतं, पण त्याचं मोठं कारण पित्ताचे खडे आहेत हे नव्हतं ऐकलं. आणि मोठ्या खड्यापेक्षा बारीक जास्त धोक्याचे, कारण मोठा निसटतच नाही. माझ्याकडे दोन्ही साइझ होते.

ह्या सगळ्या निरोपांचा शोध मला घरी येऊन वाचताना सापडला आणि तो सांगितल्याशिवाय राहवत नाही. सव्वाशे वर्षांपूर्वी सगळ्यांना वाटायचं की स्वादुपिंडाला हुकूम नसांमधून जातो. पाव्हलॉव्ह, ते घंटी आणि कुत्र्यावाले, त्यांना १९०४ चं नोबेल मिळालं ते घंटीसाठी नाही, पचनावरच्या कामासाठी, आणि त्यांचाही भर नसांवरच. पण त्याआधी १९०२ मध्ये लंडनला बेलिस आणि स्टार्लिंग ह्या दोघांनी (मेव्हणे-मेव्हणे होते ते) कुत्र्याच्या आतड्याच्या एका तुकड्याच्या सगळ्या नसा तोडल्या, फक्त रक्तवाहिन्या ठेवल्या, आणि त्यात आम्ल सोडलं. नस एकही नाही तरी स्वादुपिंडाचा रस वाहायला लागला. म्हणजे निरोप रक्तातून गेला. त्याला त्यांनी सिक्रेटिन नाव दिलं, आणि १९०५ मध्ये स्टार्लिंगने अशा निरोप्यांसाठी हॉर्मोन हा शब्द वापरला. आज आपण थायरॉइड, पाळी, पोरांचं वयात येणं सगळ्याला हॉर्मोन हॉर्मोन करतो, तो शब्द आला आतडं आणि स्वादुपिंड ह्यांच्यातल्या बोलण्यातून! मी हे नवऱ्याला रात्री साडेअकराला सांगितलं, तो म्हणाला झोप.

ऑपरेशन डिसेंबरमध्ये झालं. पित्ताशय पहिल्यांदा काढलं १८८२ मध्ये, बर्लिनला, कार्ल लांगेनबुख नावाच्या सर्जनने, तेव्हा लोक नुसते खडे काढायचे आणि ते परत व्हायचे, ह्याचं म्हणणं पिशवीच खडे बनवते तर पिशवीच काढा, घोड्याला कुठे असते? खरंच, घोड्याला पित्ताशय नसतं, उंदरांमधल्या मोठ्या घुशीसारख्या रॅटलाही नाही. मग शंभर वर्षं पोटावर मोठा छेद देऊन हे चाललं, माझ्या आत्याच्या पोटावर तो व्रण आहे वीतभर. दुर्बिणीने काढायला सुरुवात झाली १९८५ मध्ये युरोपात आणि आपल्याकडे पहिलं डॉ. तेहेमटन उदवाडियांनी केलं, १९९० मध्ये, मुंबईत जे. जे. हॉस्पिटलला. सरकारी हॉस्पिटलात, हे मला विशेष वाटतं.

मला चार भोकं. पोटात कार्बन डायऑक्साइड भरून फुगवतात, मग बेंबीपाशी कॅमेरा, पिशवीची नळी आणि रक्तवाहिनी क्लिपा लावून तोडतात. शुद्धीवर आल्यावर पोटापेक्षा खांदा जास्त दुखत होता, मला वाटलं टेबलावर आडवा पडला असेल. सिस्टर म्हणाल्या गॅसमुळे, उरलेला गॅस वर छाती आणि पोटामधल्या पडद्याला टेकतो आणि त्या पडद्याच्या नसेचं मूळ मानेत, खांद्याच्या नसांशेजारी, म्हणून मेंदूला खांदाच वाटतो. होळीच्या रात्रीचं मागचं दुखणंही असंच, घर एक आणि पत्ता दुसरा. दुसऱ्या दिवशी डिस्चार्ज. हातात एक छोटी प्लास्टिकची डबी, आत माझे सतरा खडे. पिवळट-हिरवे, कोपरे झिजलेले, भाजलेल्या फुटाण्यांसारखे. लेकीने शाळेत न्यायचं म्हणून हट्ट केला, मी नेऊ दिलं नाही, मग तिने फोटो नेला.

पिशवी गेली तरी पित्त चालूच आहे, फक्त आता साठत नाही, यकृतातून थेंब थेंब सरळ आतड्यात पडत राहतं. पहिले तीन आठवडे जरा जास्त तेल झालं की धावपळ व्हायची, मग आतड्याला सवय झाली. माघी गणपतीला दोन मोदक खाल्ले, तूप सोडून, रात्री उगाच जागी राहिले दीडपर्यंत. काही झालं नाही.

मार्चमध्ये परत होळी आली. एक पोळी खाल्ली, तूप चमचाभर. आणि दोन दिवसांनी कोळंबी खाल्ली, त्याने अंगभर लाल गांधी आल्या, हातावर, मानेवर, पाठीवर. सासूबाई आमसुलाचं पाणी घेऊन आल्या, माझ्या हाताला चोळायला लागल्या आणि मधेच थांबल्या. म्हणाल्या, अगं पण तुझं पित्त तर डिसेंबरात काढून टाकलं ना, मग हे उठलं कुठून? मी हिस्टामाइन म्हणायला तोंड उघडलं. मग म्हटलं जाऊ दे, आई, पाठीला पण लावा जरा.